डोरोथी डे वाचायची ती सदरापासून

डोरोथी डे या अमेरिकन कॅथलिक पत्रकार-कार्यकर्तीचं नाव निघालं की बहुतेक जण 'द लाँग लोनलिनेस' हे 1952 सालचं आत्मकथन हातात घेतात आणि पहिल्याच पानांत अडखळतात. सुरुवात होते ती कन्फेशनने, गोव्याकडे ज्याला कुमसार म्हणतात त्याने. तीच ती पापं पुन्हा सांगण्याची लाज ती मोकळेपणी लिहिते. आता काहीतरी मोठी कबुली येणार असं वाटतं, पण येत नाही. तरुणपणीचा गर्भपात आणि थोडाच काळ टिकलेलं लग्न, दोन्ही या पुस्तकात नाहीत. गर्भपात आला होता तो 'द इलेव्हन्थ व्हर्जिन' या 1924 च्या कादंबरीत, पात्रांची नावं बदलून. पुढे तिला ही कादंबरी नकोशी झाली. पण तिच्याच चित्रपट-हक्कांच्या पैशातून स्टेटन आयलंडवर समुद्राकाठी तिने छोटं घर घेतलं, आणि आत्मकथनाचा सगळ्यात जिवंत भाग त्या घरात घडतो.

तिथे ती फॉर्स्टर बॅटरहॅमबरोबर राहत होती. तो निसर्गवेडा, मासेमारीत रमणारा. लग्न आणि धर्म दोन्हींचा त्याला तिटकारा. मार्च 1926 मध्ये मुलगी टमार झाली. जुलै 1927 मध्ये तिचा बाप्तिस्मा झाला आणि 28 डिसेंबरला डोरोथीचा. त्यापायी फॉर्स्टरची साथ सुटली. धर्मांतराच्या कथांमध्ये आधीचं आयुष्य सहसा काळं रंगवतात; इथे उलट आहे. त्या सुखातूनच आपण देवाकडे वळलो असं ती म्हणते, म्हणून तो विरह खरा वाटतो.

पण लेखक म्हणून ती रोजच्या घाईत कशी होती हे कळतं 'द कॅथलिक वर्कर' या तिच्या वृत्तपत्रातल्या सदरातून. 'द कॅथलिक वर्कर'चा पहिला अंक 1 मे 1933 रोजी न्यूयॉर्कच्या युनियन स्क्वेअरमध्ये, कम्युनिस्टांच्या ऐन मेळाव्यात विकायला काढला. प्रती 2500, छपाईचं बिल 57 डॉलर, किंमत एक सेंट. हे पैसे उभे राहिले ते लेखांचं मानधन, किरकोळ देणग्या आणि गॅस-विजेची थकवलेली बिलं यांतून. कल्पना पीटर मॉरिन या फ्रेंच शेतकरी-विचारवंताची. वार्ताहराचा हात मात्र तिचा, 'द कॉल' या समाजवादी दैनिकात तयार झालेला.

सदराची नावं बदलत गेली. 1946 पासून ते 'ऑन पिलग्रिमेज' झालं. त्याला आराखडा असा नसतोच. बसचा प्रवास, पत्राच्या चळवळीने गरिबांसाठी चालवलेल्या अन्नछत्रापुढची रांग, कॉफी, भाडं, एखाद्या संताचा सण, मध्येच दोस्तोयेव्हस्की. सुटा लेख वाचला तर विस्कळीत वाटतो. म्हणून एक अख्खं वर्ष सलग वाचावं. 1948 घ्या: वेस्ट व्हर्जिनियातल्या लेकीच्या शेतावरचा हिवाळा आणि तिचं बाळंतपण त्यात आहे. त्याच वर्षी फेब्रुवारीच्या अंकात गांधीजींच्या हत्येवरचा लेख आहे. त्या वर्षाच्या नोंदींचं पुस्तकही निघालं.

या लेखणीची किंमतही तिने मोजली. स्पेनच्या यादवीत बहुतेक कॅथलिक फ्रँकोकडे असताना पत्राने त्याची बाजू घेतली नाही आणि पर्ल हार्बरनंतरही युद्धाला विरोध सोडला नाही. अंक चर्च आणि शाळांना गठ्ठ्यांनी जात असत. एक फादर रागावले की आख्खा गठ्ठा बंद. दीड लाखाच्या वर गेलेला खप युद्धकाळात धाडकन उतरला.

हिशेबाबद्दल ती किती काटेकोर होती ते 1960 मध्ये दिसतं. भुयारी रेल्वेसाठी न्यूयॉर्कच्या क्रिस्टी स्ट्रीटवरचं चळवळीचं घर शहराने घेतलं. मोबदला 68,700 डॉलर आणि उशिराचं व्याज 3,579.39. मुद्दल ठेवून तिने व्याज परत केलं आणि ते पत्र अंकात छापलं: पैशावर पैसा घेणं चर्चच्या जुन्या शिकवणीला धरून नाही. गरिबांच्या ताटातले साडेतीन हजार तत्त्वासाठी घालवले, असा आक्षेप घेता येतो. तो बिनबुडाचा नाही.

'फ्रॉम युनियन स्क्वेअर टू रोम' (1938) मागे ठेवलं तरी चालेल. कम्युनिस्ट भावाला उद्देशून लिहिल्यामुळे ते वादाच्या अंगाने जातं. अन्नछत्रं कशी चालली हे हवं असेल तर 'लोव्हज अँड फिशेस' (1963). डायऱ्या शेवटी. मृत्यूनंतर 25 वर्षं त्या बंद होत्या, 2008 मध्ये छापून आल्या, आणि सदरात गिळलेली चिडचिड तिथे सापडते.

1973 मध्ये कॅलिफोर्नियात, कामगार नेता सेझार चावेझच्या शेतमजुरांबरोबर, पंच्याहत्तरीत तिला शेवटची अटक झाली. पुढे सदर आखडत गेलं: आलेली पत्रं, हवा, रेडिओवरचा ऑपेरा, दोन-दोन ओळी. 29 नोव्हेंबर 1980 रोजी मेरीहाऊस या चळवळीच्या न्यूयॉर्कमधल्या घरात ती गेली. अंकाची किंमत अजूनही एक सेंटच आहे.