तुम्ही विचारलंत म्हणून

“इंफाळ पेटलेलं असताना सासूला फोनवरून प्रेमकथा कसल्या वाचून दाखवत होतीस?” माहेरच्या प्रत्येक लग्नामुंजीत हे येतंच. मागोमाग दुसरं: “फेसबुकवरच्या त्या क्रमशः गोष्टी म्हणजे काय साहित्य का?”

नसेल. मैतेई, म्हणजे मणिपुरी, भाषेला बंगाली लिपीऐवजी तिची जुनी मयेक लिपी परत मिळावी या आंदोलनात 2005 मध्ये इंफाळचं राज्य ग्रंथालय जाळलं गेलं, आणि या मैतेई गोष्टी येतात रोमन अक्षरांत, ज्याला जमेल त्या स्पेलिंगने. ही भाषेची विटंबना आहे म्हणून मीच नवऱ्याशी भांडायचे. तो म्हणायचा, आई शाळेत बंगाली लिपी शिकली, भाची मयेक; दोघींना एकच पान वाचता येतं ते यातच. तिसरी मी, हे तो सभ्यपणे गाळायचा.

3 मे 2023 ला मणिपुरात मैतेई आणि कुकी समाजांत हिंसा उसळली आणि इंटरनेट गेलं. साधे फोन लागायचे. गोष्ट लिहिणारी बाई मणिपूरबाहेरची, तिचे भाग येत राहिले. इमा, म्हणजे माझ्या सासूबाई, रात्री मैरा पाइबींबरोबर, वस्ती राखणाऱ्या मैतेई बायकांबरोबर, गल्लीच्या तोंडाशी पहाऱ्याला बसायच्या. एकदा मध्येच म्हणाल्या, “पुढचा भाग आला का?” मी चिडले. इथे आम्ही बातम्यांनी अर्धमेले, आणि यांना गोष्ट! “बातम्या तू नको सांगूस,” त्या म्हणाल्या, “त्या मला इथून दिसतात.”

मग वाचलं. शब्दाचा सूर चुकला की मैतेईत अर्थ पालटतो, आणि रोमन अक्षरांत सूर लिहिलेला नसतो. नायिकेच्या लाजण्याचं मी काहीतरी भलतंच केलं. पलीकडे हशा पिकला. इमांनी फोन स्पीकरवर टाकला होता. अख्खा पहारा ऐकत होता. तेव्हापासून रोज.

पळवाट होती? असेल. त्या गोष्टीत याओशांग, म्हणजे तिथली होळी, होतं, थाबल चोंगबाचा नाच होता, दिल्लीला निघालेला मुलगा होता. कुकी माणूस एकही नव्हता. आधीच्या भागांतही नव्हता, पण तेव्हा मला ते खटकलंही नव्हतं. त्या महिन्यात खटकलं. कुकींच्या डोंगरातही घरं जळत होती, तिथल्या बायकाही जागत होत्या. तरी मी पुढचा भाग वाचला. इमांना यावर कधी विचारलं नाही, आणि तुम्ही विचारता तेव्हा हा भाग मी सांगत नाही.

डिसेंबरात मोबाइलचं नेट बऱ्यापैकी परतलं. आता इमा स्वतः वाचतात, आणि मी वाचायच्या आत शेवट सांगून टाकतात.