हंय कोण बसता काय?

गणपतीला आलेल्या भाचीने निघता निघता माझ्या फोनवर एक खेळ टाकून दिला. "मावशी, तुला आवडेल. यात कोणी कोणाला मारत नाही," एवढीच शिफारस. ती खरी निघाली. या खेळात कोणाला मारायचं नाही, पळायचं नाही, नाणी गोळा करायची नाहीत. फक्त माणसांना नीट बसवायचं. 'इज धिस सीट टेकन?' असं त्याचं नाव आहे. बार्सिलोनाच्या 'पोटी पोटी' नावाच्या लहानशा स्टुडिओने तो केला आणि २०२५च्या ऑगस्टमध्ये बाजारात आणला. नाव वाचलं आणि मी स्वयंपाकघरात एकटीच हसले. कारण हा प्रश्न मी दर प्रवासाला विचारत आले आहे, फक्त मालवणीत. हंय कोण बसता काय?

खेळातली माणसं म्हणजे गोल, चौकोन, त्रिकोण. त्यांना हातपाय आणि चेहरे फुटलेले. कधी ती गच्च भरलेल्या बसमध्ये असतात, कधी रेल्वेच्या डब्यात, कधी सिनेमाला, कधी लग्नाच्या जेवणाला. प्रत्येकाचं काहीतरी म्हणणं असतं. एकाला खिडकी हवी. एकाला झोप काढायची आहे, म्हणून शेजारी गाणी लावणारा नको. एक आंघोळ न करता आलेला असतो, त्याच्याजवळ कोणालाच नको. बोटाने उचलायचं, जागेवर ठेवायचं. पटलं तर चेहरा फुलतो, नाही पटलं तर भुवया वाकड्या. घड्याळ लावलेलं नाही, हरलात म्हणून कोणी ओरडत नाही. भाकरी करता करता एक डाव होतो, फक्त पिठाचा हात काचेला लागतो.

सुरुवातीचे डाव मी पटापट सोडवले आणि उगाच छाती फुगली. फुगणारच. कोकण रेल्वे २६ जानेवारी १९९८ला पूर्ण मार्गावर सुरू झाली तेव्हापासून मी हेच करते आहे.

तशी बसवाबसवीची अक्कल आमच्या घरात त्याआधीपासून होती. वडिलांना तिकीट हातात आलं की आठाने भागायची सवय. स्लीपरच्या डब्यात आठ-आठ बर्थचा एकेक कप्पा असतो, त्यामुळे नंबराला आठाने भागून बाकी बघितली की सगळं कळतं. बाकी एक किंवा चार उरली तर खालचा बर्थ, दोन किंवा पाच म्हणजे मधला, तीन किंवा सहा म्हणजे वरचा. सात उरले तर साइड लोअर, काहीच उरलं नाही तर साइड अपर. सत्तेचाळीस म्हटलं की वडील डोळे मिटून "साइड लोअर" म्हणायचे आणि आम्ही मुलं टाळ्या पिटायचो. अडतीस म्हटलं की मात्र त्यांचा चेहरा खेळातल्या चौकोनासारखा व्हायचा, कारण अडतीस म्हणजे वरचा आणि आईचे गुडघे.

मग सुरू व्हायची अदलाबदल. तेहेतीस नंबरवर (बाकी एक, खालचा) कॉलेजातला मुलगा. त्याला वरचा चालेल, पण त्याचा मित्र पलीकडच्या कप्प्यात. मित्राच्या समोर एक बाई, त्यांना बायकांची सोबत हवी. त्या बाई इकडे आईच्या जागी आल्या, मुलगा तिकडे त्यांच्या बर्थवर मित्रासमोर गेला, आई खाली आली. तीन जणं हलली तेव्हा एक गुडघा वाचला. मधला बर्थ रात्री दहापर्यंत उघडायचा नाही हा नियम सांभाळून एवढं सगळं. टीसी यायचा, यादी बघायचा, समोरची माणसं बघायचा. यादीत पंचविशीचा तरुण आणि बर्थवर पासष्टीची बाई. तो काही बोलायचा नाही. त्यालाही आई असणारच.

पण खरा खेळ स्लीपरमध्ये नाही. तिथे निदान नंबर तरी असतात. खरा खेळ सावंतवाडी-दिवा गाडीच्या जनरल डब्यात.

जागा धरण्याची तिथे एक उतरंड आहे. सगळ्यात खाली वर्तमानपत्र, त्याला कोणी मानत नाही. त्यावर रुमाल. खिडकीच्या गजांतून टाकलेल्या रुमालाला मान असतो, पण मालक तीन-चार मिनिटांत पोचला पाहिजे. त्याच्या वर छत्री, कारण छत्री कोणी विसरून जात नाही. सर्वांत वर मूल. बाकावर मूल बसवून बाप पाणी आणायला गेला की ती जागा सात-बाऱ्यावर चढल्यासारखी असते. खेळात यातलं काही नाही. तिथली बिचारी माणसं फलाटावर रांगेत उभी राहून मी उचलायची वाट बघतात.

गेल्या महिन्यात मी कुडाळहून चिपळूणला चालले होते, चुलत बहिणीकडे. खिडकी मिळाली होती, म्हणून ऐटीत फोन काढून डाव मांडला. अडला होता तो नेमका वासवाल्याचा डाव. त्याला कोपऱ्यात टाकावं तर कोपरा झोपाळू गोलाला हवा. मधे बसवावं तर दोन्ही बाजूंची तोंडं वाकडी. एवढ्यात सिंधुदुर्ग स्टेशनला एक आजी चढल्या. नऊवारी, कपाळाला आडवं कुंकू आणि हातात नायलॉनची पिशवी. पिशवी दिसायच्या आधी कळली. सुके बांगडे.

मी मनातल्या मनात डब्यावर नजर टाकली. खेळाच्या नियमाने आता काय व्हायला हवं? आजूबाजूच्या भुवया वाकड्या व्हायला हव्यात. समोरच्या बाईंनी नाक पुढे केलं, मागे नव्हे. "खंयसून हाडलास गो?"

"मालवणसून. चेडवाक नेतंय, ठाण्याक."

"कितीक दिल्यान?"

आजींनी भाव सांगितला. तो जास्त की रास्त यावर तिघीजणींचं मत पडलं. एकीने पिशवीचं तोंड उघडून एक बांगडा बोटांत धरून वाकवून पाहिला, नीट वाळलाय की नाही ते बघायला. एव्हाना आजी बाकाच्या मधोमध बसल्या होत्या. कोणी सरकलं, कधी सरकलं, मला दिसलंच नाही. त्या बाकावर नियमाने जेवढे, रिवाजाने त्याहून एक जास्त. गणपतीत दोन. "वायच सरक गो बाय" एवढं म्हटलं की लाकूड ताणलं जातं. पलीकडच्या टोकाला गळ्यात तुळशीची माळ घातलेले एक गृहस्थ होते, त्यांनी उपरणं नाकाला लावलं. म्हणजे खेळवाल्यांचं अगदीच चूक नव्हतं. पण उपरण्याआडूनही ते थोडे सरकलेच.

आणि मग चढला तो मुलगा. विशीतला, पाठीला सॅक. आल्या आल्या त्याने बसायला जागा आहे का हे विचारलंच नाही. नाही हे त्याला दिसत होतं. त्याने ओळीने विचारायला सुरुवात केली, "तुमी खंय उतारतलात?"

मला वाटतं, कोकणातल्या डब्यातला हा सगळ्यात हुशार प्रश्न आहे. हंय कोण बसता काय, हा नवख्याचा प्रश्न. मुरलेला माणूस जागा शोधत नाही, उतरणारा शोधतो. खिडकीजवळचा रत्नागिरीला. त्याच्या शेजारची संगमेश्वरला. आजी थेट दिव्याला, त्यांच्याकडे बघायचं कारण नाही. सफारीतले एक मास्तर म्हणाले, "राजापूर." मुलगा तिथेच जाऊन उभा राहिला. त्यांच्या गुडघ्यांना लागून, बॅग त्यांच्या पायाशी ठेवून. आता ती जागा त्याची, फक्त मास्तर तिथे थोडा वेळ बसले आहेत. नांदगावला आणखी एक जण चढला, त्याने मास्तरांना तोच प्रश्न विचारला. मास्तर तोंड उघडायच्या आत मुलगाच म्हणाला, "ती झाली." मास्तरांनीही मान डोलावली. आपण बसलेल्या जागेचा सौदा आपल्यादेखत झाला याचं त्यांना काही वाटलं नाही. वैभववाडी गेल्यावर त्यांनी चष्मा घरात घातला, चपला पायाने शोधल्या आणि उठण्याआधी एक हात बाकावर ठेवून मुलाकडे बघितलं. मुलगा बसला तेव्हा हात निघाला.

खेळात हे बसत नाही. तिथे खुर्च्या तेवढ्याच, माणसं तेवढीच आणि सगळी जणू जन्मभरासाठी बसणार. कोणी उतरत नाही. आपल्याकडे डब्याचं चित्र दर वीस मिनिटांनी पुसून नव्याने मांडावं लागतं. एकेरी मार्गावर गाडी क्रॉसिंगला थांबली की अर्धा डबा खाली उतरून पाय मोकळे करतो आणि परत चढतो तो जरा वेगळ्या जागी. निवसर सुटलं की पानवलच्या पुलासाठी माणसं दारात जातात, चौसष्ट मीटर खाली बघायला. तेवढ्यात कोणाचं तरी पोर खिडकीत येऊन बसतं. मग रत्नागिरीला मोठी उलथापालथ. पुढे भोके आणि उक्षीच्या मधे करबुड्याचा साडेसहा किलोमीटरचा बोगदा. आत शिरताना बाकाचा जेवढा भाग माझा होता, तेवढा बाहेर पडताना नव्हता. तक्रार कोणाकडे करणार? शेजारच्या बाई झोपेत होत्या, किंवा तसं दाखवत होत्या.

खेळात आणखी एक सोय आहे, तिचा मला सगळ्यात हेवा वाटतो. प्रत्येकाला काय हवं ते लिहून दिलेलं असतं आणि ते खरं असतं. 'मला खिडकी आवडते' म्हणजे खिडकीच. इथे संगमेश्वरला उतरणार म्हणालेली बाई आरवली गेली, सावर्डे आलं, तरी हलली नाही. तिच्या पुढ्यात उक्षीपासून उभ्या असलेल्या काकांनी शेवटी घसा खाकरला. "अहो, आमचं संगमेश्वर म्हणजे बोलायला," ती म्हणाली, "जायचंय चिपळूणला." काका काय बोलणार?

माझी आई तर एक अख्खा डावच आहे. "तुला कुठे बसायचंय?" विचारलं की ठरलेलं उत्तर, "माका खंयय चलात." याचा अर्थ असा की खिडकी पाहिजे. खिडकीतही इंजिनाकडे तोंड पाहिजे, उलट्या दिशेने बसलं की माणगावच्या आत तिला मळमळतं. ऊन नको. वारा हवा, पण कानावर नको. शेजारी बोलकं माणूस हवं, पण फोनवर बोलणारं नको. यातलं एकही वाक्य तिने आजवर तोंडाने उच्चारलेलं नाही. हे सगळं आम्ही तीन भावंडांनी मिळून, चेहऱ्यावरून, पंचवीसेक वर्षांत सोडवलंय. परवा धाकट्या भावाने तिला पहिल्यांदाच एकट्याने मुंबईला नेलं आणि इंजिनाकडे पाठ करून बसवलं. ती वीर स्टेशनपर्यंत काही बोलली नाही. वीरला म्हणाली, "माका काय होत नाय हां." भाऊ घाबरून उठलाच.

चिपळूणहून परत आल्यावर दोन दिवस तो वासवाल्याचा डाव तसाच अडून राहिला. संध्याकाळी पडवीत बसून मी त्याला इथून उचलून तिथे ठेवत होते. आई शेजारी ओले काजू सोलत बसली होती, हाताला राख लावून. तिने मान वाकडी करून स्क्रीनमध्ये बघितलं.

"ह्यो कोण?"

मी सांगितलं. याच्या अंगाला वास येतो, हा झोपणार, हिला खिडकी हवी, या दोघी मैत्रिणी. जागा सहा, माणसं सहा, आणि एकजण तरी कायम नाराज.

तिने सगळं ऐकून घेतलं. एक गर सोलून ताटलीत टाकला. "ह्या वासवाल्याक आणि वायच सरकाक सांग."

"सरकत नाहीत गं ती. खुर्च्या सुट्या आहेत."

"बरां." दुसरा काजू घेतला. "मगे ह्यो खंय उतारतलो?"

"उतरतच नाही कोणी."

आई माझ्याकडे बघत राहिली. मग तिने राखेच्या बोटानेच त्या चौकोनाला उचलून बघितलं, तो तिच्या बोटाखाली लोंबकळत राहिला. कुठे ठेवावा हे तिलाही ठरवता येईना.

"न्हंय उतारणत," ती म्हणाली, "तर गाडयेत कित्याक चढले मगे?"