कृतिदेव ते युनिकोड, नोटपॅड++ च्या मेनूतून: काम कुठवर आलंय

कृतिदेव या जुन्या फॉन्टमधला मराठी मजकूर युनिकोडमध्ये, म्हणजे आज सगळीकडे चालणाऱ्या अक्षरसंकेतात, बदलणारं प्लगइन मी नोटपॅड++ या मजकूर-संपादकासाठी लिहितोय. त्याचा मेनू आला एकदाचा. नोटपॅड++ मध्ये ‘प्लगइन्स’खाली आता ‘लिपीबदल’ दिसतं, आणि त्यावर माउस नेला की ‘निवडलेला मजकूर युनिकोडमध्ये’ ही ओळ उघडते, तीही स्वच्छ देवनागरीत. मजकूर निवडायचा, क्लिक करायचं, जागच्या जागी बदलून मिळतो. कंट्रोल-झेड मारलं की जसा होता तसा परत.

आधी मोह होता विंडोज एक्सप्लोररच्या राइट-क्लिक मेनूचा. तो सोडला. तिथे कॉम इंटरफेस (विंडोजची प्रोग्राम जोडायची पद्धत), रजिस्ट्रीतल्या नोंदी, आणि आपली डीएलएल, म्हणजे कोडची फाइल, थेट एक्सप्लोररच्या प्रोसेसमध्ये चढते. ती कोसळली की टास्कबारसकट सगळं गडप. त्यात विंडोज ११ ने जुन्या पद्धतीने जोडलेल्या मेनूच्या ओळी आणखी एका क्लिकच्या मागे ढकलल्यात. नोटपॅड++ चं प्रकरण त्यामानाने सरळ. सुरू होताना ते प्रत्येक प्लगइनची डीएलएल लोड करतं आणि तिच्यात सहा फंक्शन्स नावाने शोधतं: सेटइन्फो, गेटनेम, गेटफंक्सॲरे, बीनोटिफाइड, मेसेजप्रॉक, इजयुनिकोड. सी++ मध्ये लिहीत असाल तर ‘एक्स्टर्न सी’ लावायचंच, नाहीतर कंपायलर नावांना शेपट्या जोडतो आणि शोधणाऱ्याला काही सापडत नाही.

मेनूचा सगळा कारभार गेटफंक्सॲरेकडे. आपण एक यादी द्यायची. प्रत्येक ओळीत नाव, कुठलं फंक्शन चालवायचं, सुरुवातीला बरोबरची खूण हवी का, शॉर्टकट कुठला. कमांडचा क्रमांक नोटपॅड++ स्वतः भरतं. फंक्शनची जागा रिकामी सोडली की तिथे आडवी रेघ येते. नावाला ६४ जागा, त्यातली शेवटची समाप्तीच्या शून्याला. मराठीत नाव ठेवणाऱ्यांनी इथे जपून: ‘युनिकोडमध्ये’ वाचताना ६ अक्षरं, पण काना-मात्रा-हलन्त सुटे मोजले की १२ जागा खातं. आणि सोर्स फाइल युटीएफ-८ मध्ये (युनिकोड साठवायची एक पद्धत) असेल तर व्हिज्युअल स्टुडिओच्या कंपायलरला तसं सांगणारा स्विच द्या, म्हणजे मेनूत कचरा उमटणार नाही.

बाकीच्या अटी पटकन. आवृत्ती ७.६ पासून डीएलएल तिच्याच नावाच्या फोल्डरमध्ये लागते. ६४ बिटच्या नोटपॅड++ ला ६४ बिटचीच डीएलएल. आणि ते उघडं असताना डीएलएलवर नवी बिल्ड चढत नाही, म्हणून चाचणीसाठी पोर्टेबल प्रत वेगळी ठेवली आहे.

आता खरं काम. नाशिकच्या रविवार कारंज्याजवळ प्रेस चालवणारे एक काका आहेत. त्यांच्याकडे २०१५ च्या सिंहस्थातली माहितीपत्रकं, मंडळांच्या स्मरणिका, असं पेजमेकर या जुन्या पानं जुळवायच्या प्रोग्राममधलं बरंच काही कृतिदेवमध्ये पडून आहे. कृतिदेवमध्ये मराठी साठवलेलीच नसते. इंग्रजी अक्षरं असतात, चित्रं फक्त देवनागरीची. ‘नाशिक’ म्हणजे आत यू, के, एफ, एकेरी अवतरण, के, डी. पहिला के ‘ना’चा काना. दुसरा के मात्र कानाच नाही, तो श चा दंडा. अवतरण म्हणजे अर्धा श, त्याला दंडा लागला की पूर्ण. म्हणून कुठल्या इंग्रजी अक्षराचं कुठलं देवनागरी, या तक्त्यात जोड्या आधी तपासायच्या, सुटी अक्षरं नंतर.

एफ म्हणजे ऱ्हस्व वेलांटी. दिसते अक्षराच्या डावीकडे म्हणून टाइपही आधीच होते. युनिकोडला ती व्यंजनानंतर हवी. ‘स्थिती’मध्ये तिला अर्धा स ओलांडून थ च्याही पलीकडे जावं लागतं, म्हणजे हलन्त नसलेलं पहिलं व्यंजन सापडेपर्यंत पुढे सरकत राहायचं. रफाराचं उलट: टाइप होतो शेवटी, जायला हवा आधी. ‘रामतीर्थ’ सोपा, एक थ ओलांडला की झालं. माहितीपत्रकांत पावलोपावली येणारा ‘धार्मिक’ बघा. तक्त्यातून निघाल्यावर क्रम असतो: ध, काना, वेलांटी, म, रफार, क. मी आधी वेलांटी म च्या पुढे नेतो, मग रफार मागे वळून वेलांटी आणि म दोन्ही ओलांडतो आणि म च्या आधी ‘र्’ होऊन बसतो. हा क्रम ठरल्यापासून वेलांटी-रफाराची कटकट मिटली.

अख्खी फाइल एका फटक्यात बदलायची सोय मुद्दाम दिलेली नाही. कुठला भाग कृतिदेव आणि कुठला खरा इंग्रजी, हे साध्या मजकुरात कळायला मार्गच नाही. वेबसाइटच्या पत्त्यातलं ‘डॉट कॉम’ या तक्त्यातून गेलं की ‘ण्बवउ’ होऊन बाहेर पडतं. त्यामुळे निवडाल तेवढंच. शिवाय फाइल युटीएफ-८ नसेल तर प्लगइन हात लावत नाही; नोटपॅड++ च्या आतल्या सिंटिला या संपादन-घटकाला कोडपेज (अक्षरसंकेताचा क्रमांक) विचारायचं, ६५००१ म्हणजे युटीएफ-८ आलं तरच पुढे. आन्सी या जुन्या संकेतातल्या फाइलमध्ये देवनागरी घातली तर नुसती प्रश्नचिन्हं हाती येतात.

काकांना दाखवल्यावर ते म्हणाले, “अरे, ते वर मेनूत कोण शोधत बसणार? उजवं बटण दाबलं की आलं पाहिजे.” त्याला कोड लागलाच नाही. नोटपॅड++ ची कॉन्टेक्स्टमेनू नावाची एक्सएमएल फाइल आहे, तिच्यात प्लगइनचं नाव आणि कमांडचं नाव मेनूत आहे तस्संच लिहायचं आणि प्रोग्राम पुन्हा सुरू करायचा.

सध्या अडलंय ते अर्ध्या ऱ वर. ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ वेगळे राहिलेच पाहिजेत, आणि ‘दऱ्या’ युनिकोडमध्ये दोन तऱ्हांनी लिहिता येतो: युनिकोडच्या ०९३१ या क्रमांकावरचा ऱ आणि हलन्त, किंवा साधा र, हलन्त आणि न दिसणारा जोडक. डोळ्याला फरक दिसत नाही, पण एक शोधला तर दुसरा सापडत नाही. मी ऱ धरला आहे, आणि दुसऱ्या तऱ्हेचा आधीपासून असलेला मजकूर एकसारखा करणारी वेगळी कमांड त्याच मेनूत, रेघेखाली, टाकतोय. त्यानंतर श्रीलिपी या कृतिदेवसारख्याच दुसऱ्या जुन्या फॉन्टचा तक्ता. तो कुणी आधीच बसवला असेल तर सांगा, पुन्हा शून्यापासून करण्यात अर्थ नाही.