काकडीला सुटलेलं पाणी

काकडीला मीठ लावून अर्धा तास बाजूला ठेवायचं, असं आमच्या घरात कुणी मोठ्यानं म्हटलं असतं, तर आईनं हातातला झारा खाली ठेवून त्या माणसाकडे नीट पाहिलं असतं. मी आज दुपारी नेदरलँड्समध्ये, डेल्फ्टमधल्या माझ्या ओट्याशी उभी राहून नेमकं तेच केलं. काचेच्या वाडग्यात काकडीच्या पातळ चकत्या, त्यावर मीठ, वर एक बशी आणि बशीवर वजनाला छोल्यांचा डबा. मग खुर्ची ओढून काकडीला पाणी सुटायची वाट बघत बसले. मुद्दाम!

कोशिंबिरीत मीठ केव्हा घालायचं, ह्यावर आमच्याकडे भांडणं झालेली आहेत. काकडी चोचवून तयार, त्यावर ओलं खोबरं, दाण्याचं कूट, साखर, लिंबू, तुपातली जिरं-मिरचीची फोडणीसुद्धा पडलेली. फक्त मीठ आईच्या चिमटीत. पानं घेतली का, पाणी ठेवलं का, सगळे बसले का, ही चौकशी पुरी झाल्याशिवाय ती चिमूट सुटत नसे. गणपतीत तर तिची परीक्षाच. स्वयंपाकघरात उभी राहून ती आरत्यांचा अंदाज घ्यायची. सूर उतरले, टाळ मंदावले, आता संपलंच, म्हणून ती मीठ घालायची आणि तेवढ्यात समोरच्या बिऱ्हाडातले काका डोळे मिटून आणखी एक आरती उचलायचे. ती आरती लांबलचक असायची. मग मंत्रपुष्पांजली, मग प्रदक्षिणा, मग प्रसाद. पानात पडेपर्यंत कोशिंबीर डावी बाजू सोडून वरणाच्या भेटीला निघालेली असे. काकांवरचा तिचा राग दीड दिवसात विसर्जित व्हायचा नाही. अजूनही त्यांचं नाव निघालं की ती म्हणते, "माणूस चांगला हो, पण वेळेचं भान नाही."

त्यामुळे पाणी सुटलेली काकडी म्हणजे संसारातला ढिलेपणा, असं काहीतरी माझ्या डोक्यात बसलेलं आहे. आणि इथे शेजारच्या बाई सांगतात, आधी मीठ लाव, वर वजन ठेव, पाणी सुटू दे, मग मुठीत घेऊन पीळ. मी चार बोटांनी हलकेच दाबत होते, तर म्हणाल्या, "घाबरतेस काय, अजून दाब!"

ह्या बाई ऐंशीच्या पुढच्या. काकडी सोलून झाली की त्या चीज तासायचं ते चपटं, मधे फट असलेलं हत्यार घेतात आणि काकडीवरून असं ओढतात की चकतीतून पलीकडचं वर्तमानपत्र वाचता यावं. नॉर्वेत एका सुतारानं रंध्यावरून हे हत्यार बनवलं म्हणे. इथे ते प्रत्येक घरात असतं, आणि चीज सरळ न तासता मधे खड्डा पाडणाऱ्या माणसाबद्दल वाईट मत होतं. पिळून झालं की व्हिनेगर, साखर, मिरपूड, बारीक चिरलेला कांदा, असली तर शेपू. व्हिनेगर किती, साखर किती, हे त्या सांगत नाहीत. चाखतात, तोंड वाकडं करतात, साखर घालतात, परत चाखतात. ही पद्धत मात्र मला ओळखीची वाटली.

व्हिनेगरशी आमची ओळख उशिराची. आंबट म्हणजे लिंबू, चिंच, आमसूल, दही. व्हिनेगर म्हणजे चायनीजच्या गाडीवरची ती बाटली, आत मिरच्यांचे तुकडे आणि तोंडाशी चिकटलेला सॉस. फोनवर आईला कृती सांगितली, तर ती काकडीचं पाणी पिळण्यापर्यंत गप्प राहिली आणि व्हिनेगरपाशी म्हणाली, "मग उरलं काय तिच्यात?"

प्रश्न बरोबर आहे. काकडीत पंच्याण्णव टक्के पाणीच असतं. त्यात इथल्या काकडीतून बाकीच्या गोष्टी आधीच काढून घेतलेल्या आहेत. डेल्फ्टहून सायकल मारत निघालं की थोड्याच वेळात वेस्टलँड सुरू होतो. मैलोन् मैल काचेची ग्रीनहाऊस. हिवाळ्यात संध्याकाळी तिकडचं आभाळ नारिंगी दिसतं. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं कुठे तरी आग लागली आहे. ते आतल्या दिव्यांचं असतं. काकड्या मातीत नव्हे, खडक वितळवून केलेल्या लोकरीच्या ठोकळ्यांत वाढतात. वेलीला मादी फुलंच येतात आणि परागाशिवाय फळ धरतं. मधमाशीला आत मज्जाव, कारण चुकून परागण झालं की काकडीत बिया धरतात आणि ती टोकाला फुगते, बेढब होते. वाकडं असणं तर काही वर्षं कागदोपत्रीच नडायचं: १९८८ च्या युरोपीय नियमात वरच्या दर्जाच्या काकडीला दहा सेंटिमीटरला दहा मिलिमीटरच बाक मंजूर होता. २००९ मध्ये तो नियम गेला, तरी काकडी सरळच राहिली. खोक्यात सरळ काकड्या जास्त मावतात, त्याला ती तरी काय करणार.

आणि कडूपणा. तोही गेला. इथल्याच वागेनिंगन गावातल्या संशोधकांनी १९५० च्या दशकात मुळात कडूच न होणारी काकडी पैदा करण्याचं काम केलं, आणि तेव्हापासून ग्रीनहाऊसच्या काकडीत कडू निघण्याची भीतीच राहिली नाही. हे सगळं मला माहीत आहे. तरी मी देठाकडचं टोक कापते आणि ती चकती काकडीवर गोल गोल घासते. फेस येईपर्यंत.

आजोळी तवशी मांडवावर चढलेली असायची. आजी पावसात डोक्यावर इरलं घेऊन पानांखाली हात घालायची आणि हातभर लांब, जाड सालीचं तवसं काढून आणायची. विळीवर बसली की आम्ही भोवती. आधी टोक, मग घासणं. पांढरा फेस यायला लागला की आजी म्हणायची, "आलं बघा कडू बाहेर." तो फेस पुसून ती चकती आमच्यातल्या एकाच्या कपाळाला चिकटवायची आणि ती कुणाच्या कपाळाला, ह्यावरून मारामारी. चकती जितका वेळ न पडता राहील तितका वेळ मान वर करून चालायचं. त्या तवशाचं धोंडस व्हायचं, गूळ आणि तांदळाचा रवा घालून, वर निखारे ठेवून. कीस पिळून निघालेलं पाणी त्याच पिठात. टाकायचं काही नाही.

शेजारच्या बाईंनी माझं घासणं पाहिलं आणि विचारलं, हे कशासाठी? मी म्हटलं, कडू निघतं. त्यांनी उरलेल्या टोकाचा तुकडा तोंडात टाकला, चावला आणि म्हणाल्या, "पण हे कडू नाहीये." म्हटलं, "बघा, निघालं ना!" त्यांना ते पटलं नाही.

अर्ध्या तासात वाडग्यात चांगलं पेलाभर पाणी जमतं. बाई ते मोरीत ओततात. माझा हात काही तसा वळत नाही. मी त्यात भाजणी भिजवते आणि मिठाचा हात आखडता घेते. एका काकडीत त्यांचं सॅलड आणि आमची थालीपिठं होतात. सॅलड खायचं मात्र त्यांच्या पद्धतीनं, संध्याकाळी सहाला, बाहेर लख्ख ऊन असलं तरी. उकडलेला बटाटा काट्यानं मोडायचा, त्यात आपण वरणासाठी भाताचं आळं करतो तसा खळगा करायचा, खळग्यात मांसाचा रस्सा, शेजारी खिम्याचा गोळा आणि थंडगार, आंबटगोड काकडी. चवीला उत्तम लागतं. आईच्या प्रश्नाचं उत्तर म्हणजे, कुरकुर उरते. पाणी गेलेली काकडी मऊ पडेल असं वाटतं, पण ती उलट चिवट, करकरीत होते.

बाईंच्या भाच्याची वेस्टलँडमध्ये काकडी होती. होती, कारण २०११ नंतर त्यानं ती सोडली. त्या वर्षी मे महिन्यात जर्मनीत लोक भराभर आजारी पडायला लागले, हॅम्बुर्गनं स्पेनच्या काकडीकडे बोट दाखवलं आणि दोन-चार दिवसांत कुठलीच काकडी कुणी हातात धरेना. रशियानं युरोपची भाजीच बंद केली. भाचा रोज काकड्या तोडत होता, कारण वेल थांबत नाही, आणि रोज त्या खताच्या ढिगावर टाकत होता. पन्नासहून जास्त माणसं गेली त्या साथीत. काकडीचा काही संबंध नव्हता, हे जूनमध्ये कळलं. दोष निघाला मोड आलेल्या बियांचा, आणि त्याचा माग इजिप्तहून आलेल्या मेथीपर्यंत गेला.

हे सांगून झाल्यावर बाई काही वेळ काकडी पिळत राहिल्या. मग त्यांचं लक्ष माझ्या ओट्याकडे गेलं. तिथे ओल्या फडक्यात बांधलेली पुरचुंडी होती, फडक्यातून एक-दोन मोड डोकावत होते.

"त्यात काय आहे?"

"मटकी," मी म्हटलं.

मटकीच होती.