‘कार्यक्रमाचा प्रकार’ या एका रकान्यापायी

2011 च्या डिसेंबरात आम्ही गावात मिक्स्ड मार्शल आर्ट्सच्या, म्हणजे ठोसे, लाथा आणि कुस्ती एकत्र असलेल्या खेळाच्या, आठ लढती लावल्या. हॉल, रिंग, डॉक्टर, रुग्णवाहिका पंधरा दिवसांत जमलं. तालमीतली पोरं होतीच, शहरातून किकबॉक्सिंगवालेही आले. पोलिसांच्या परवानगीला मात्र सव्वीस दिवस लागले, आणि त्याचा राग अजून गेलेला नाही.

अर्जात ‘कार्यक्रमाचा प्रकार’ असा रकाना होता. मी खेळाचं नाव लिहिलं. लिपिकानं विचारलं, “म्हणजे कुस्ती का बॉक्सिंग?” म्हटलं, दोन्ही. “मग दोन अर्ज करा.” केले. तीन दिवसांनी दोन्ही परत आले, कारण जागा, वेळ आणि खेळाडू तेच. पुढची मागणी संघटनेच्या पत्राची. कुस्तीवाले म्हणाले, ठोसा आला की ती कुस्ती नाही. बॉक्सिंगवाले म्हणाले, जमिनीवर झोंबलात की ते आमचं नाही. पत्र द्यायचं कुणी? मी रोज अकराला कचेरीतल्या बाकावर जाऊन बसायचो. साहेब कधी बैठकीला, कधी बंदोबस्तावर. फाइल कुठे आहे, हेसुद्धा कुणी धड सांगेना.

म्हणून अशा लढती लावणार असाल तर आधी हे करा: दिलेल्या प्रत्येक कागदाच्या आपल्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्या. मी पहिल्या अर्जावर घेतला नव्हता. तो गहाळ झाला आणि आठ दिवस वाया गेले.

शेवटी साहेब भेटले. त्यांनी इंटरनेटवर 1993 ची डेन्व्हरची पहिली यूएफसी, म्हणजे याच खेळाची अमेरिकेतली स्पर्धा, बघितली होती. वजनगट नाहीत, हातमोज्यांची सक्ती नाही. “ही कोंबड्यांची झुंज आहे,” म्हणाले. अमेरिकेत सिनेटर जॉन मकेन अगदी हेच म्हणाले होते आणि न्यूयॉर्कनं 1997 मध्ये बंदीही घातली होती. साहेबांची शंका खोटी नव्हती, पण त्यानंतर खेळ बदलला होता. हे त्यांना दाखवायला माझ्याकडे कागद नव्हता.

त्या रात्री बसून एका पानावर मराठीत नियम लिहिले. तीन-तीन मिनिटांच्या तीन फेऱ्या. वजनगट. चार औंसाचे हातमोजे. डोळ्यात बोट, डोक्यानं धडक, जांघेत किंवा मानेमागे फटका बंद. हार मानून हातानं थोपटलं की लढत तिथंच संपली. डॉक्टरनं थांबा म्हटलं की थांबायचं. दुसऱ्या दिवशी आमच्या वस्तादांना सोबत नेलं. ते साहेबांना एवढंच म्हणाले, “पोरं माझी आहेत. जबाबदारी माझी.” अर्ध्या तासात सही झाली. ओला जांभळा शिक्का पुसू नये म्हणून मी तो कागद दोन्ही हातांत धरून बाहेर आलो.

तीन महिन्यांनी मुंबईत याच खेळाची सुपर फाइट लीग सुरू झाली, टीव्हीवर लढती दिसू लागल्या. आमच्या वेळी तो आधार नव्हता.

पोस्टरवर ‘रक्तरंजित थरार’ वगैरे छापू नका. आमच्या पोरांनी छापलं होतं आणि तेच पोस्टर फाइलमध्ये अर्जाच्या वर लावलेलं होतं. लाउडस्पीकरची परवानगी वेगळी असते, रात्री दहाच्या आत आवरावं लागतं. तेव्हा तिकीट लावायचं तर करमणूक कराचंही आधी बघावं लागायचं; 2017 मध्ये तो जीएसटीत गेला.

आणि वजन आदल्या दिवशी स्वतः घ्या, फोनवर सांगितलेलं धरू नका. आमचा एक पोरगा चार किलोनं जास्त भरला. ती लढत मी रद्द केली, लोक ओरडले तरी.