पाइनवरचे 'गोचीड'

"ताई, आमच्या पाइनला गोचीड लागलेत. शेकड्यांनी आहेत. तुम्ही आधी या, बाकीचं मग बोलू." सकाळी सातलाच काकांचा फोन आला आणि आवाजात चांगलीच धास्ती होती. झाडांच्या रोगकिडींवर सल्ला देता देता मला बरीच वर्षं झाली, पण झाडाला गोचीड लागल्याची तक्रार पहिल्यांदाच ऐकत होते.

पोहोचले तर झाडाखालचा बाक लांब ओढून ठेवलेला, कुत्रा घरात कोंडलेला आणि नातीला अंगणात यायची बंदी. झाडाशेजारी एक मुलगा पंपात औषध कालवून, तोंडाला रुमाल बांधून तयार. "पंप खाली ठेव बाळा, मला दहा मिनिटं दे," म्हटलं.

छातीच्या उंचीची एक फांदी वाकवली. अंगठ्याएवढ्या जाडीची, पण साल दिसतच नव्हती. गडद तपकिरी, जवळजवळ काळे किडे एकमेकांना खेटून बसलेले. पाय लांबसडक, कोळ्यासारखे. हात जवळ नेला तसे सगळे सरसर फांदीच्या पलीकडच्या बाजूला गेले. मी पलीकडून बघितलं, तर परत अलीकडे.

एक किडा पांढऱ्या कागदावर घेतला, भिंग काकांच्या हातात दिलं आणि म्हटलं, पाय मोजा.

"सहा."

"परत मोजा."

"सहाच आहेत हो."

पूर्ण वाढलेल्या गोचिडाला आठ पाय असतात आणि मिशा नसतात. याच्या डोक्यावर दोन मिशा स्पष्ट दिसत होत्या. पोटाच्या मागच्या भागावर दोन बसके काळे उंचवटे होते, उतरत्या शंकूसारखे. मावा म्हणजे झाडाचा रस शोषणारी कीड. बहुतेक माव्यांना त्या जागी दोन नळ्या असतात, याच्या इतक्या आखूड की नळी म्हणवत नाही. हा मावाच, सिनारा वंशातला, फक्त सूचीपर्णी झाडांवर जगणारा. भाजीपाल्यावरचा मावा एक-दोन मिलिमीटरचा, हा चार भरत होता. त्यामुळे माणसं याला गोचीड, कोळी, कधी मुंगीही समजतात. भिंग सरकवताना किडा चिरडला आणि कागदावर जांभळट लाल डाग पडला. कपड्यावर किंवा भिंतीवर असा डाग पडला तर सहज निघत नाही, म्हणून याला चिरडू नये, झटकून टाकावा.

"चावतो का?" काकांचा पहिला प्रश्न. नाही. त्याची सोंड सालीखालचा रस ओढण्यापुरती. माणसाशी आणि कुत्र्याशी त्याला काही देणंघेणं नाही.

मग बाकाकडे गेले. हात चिकटला. त्या रसात साखर भरपूर आणि मावा वाढायला लागणारं नत्र अगदी थोडं, म्हणून तो ढीगभर रस पितो आणि जादा साखर चिकट थेंबांनी बाहेर टाकतो. त्यावर काळी बुरशी वाढते. खालच्या झुडपांची पानं काजळी धरल्यासारखी झाली होती ती यामुळेच. खोडावरून मुंगळ्यांची रांग चढत होती आणि वर मधमाश्या गुणगुणत होत्या. जर्मनीतल्या ब्लॅक फॉरेस्टमध्ये फरच्या झाडांवरचा माव्याचा असाच चिकटा मधमाश्या गोळा करतात आणि त्याचा गडद मध होतो. त्या मधमाश्यांवर तो पंप रिकामा झाला असता, या विचारानं मला खरंच कसंतरी झालं.

काकांना कुणीतरी झाड तोडायचाही सल्ला दिला होता, आतल्या सुया पिवळ्या पडल्या म्हणून. फांद्यांची टोकं तपासली, हिरवीगार. आतल्या जुन्या सुया पाइन दरवर्षी गाळतोच. लहान रोप असतं तर मला काळजी वाटली असती, कारण त्याची वाढ माव्यानं खुंटते. एवढं मोठं झाड हे सोसतं.

मी फांद्या बघतच राहिले, कारण मला आणखी काही हवं होतं. आणि सापडलं. माव्यांच्या गर्दीत काही किडे फुगलेले, कोरडे, सालीला चिकटलेले. एकाच्या पाठीला गोल भोक. परोपजीवी गांधीलमाशी माव्याच्या पोटात अंडं घालते, अळी त्याला आतून खाते आणि माशी होऊन भोक पाडून निघते. शेजारी मावा खाणाऱ्या लेडीबर्डच्या अळ्याही होत्या. काही वर्षांपूर्वी अशाच एका झाडावर मी स्वतः जहाल औषध मारायला सांगितलं होतं. मावा गेला, त्याला खाणारे हे मित्रकीटकही गेले, आणि मागून लाल कोळी ही रस शोषणारी बारीक कीड इतकी वाढली की सुया फिक्या पडल्या. ते झाड मी विसरलेले नाही.

मुलाला पंप ओतायला नाही, नीट परत ठेवायला सांगितला आणि पाण्याचा पाइप मागवला. फांद्यांवर खालून जोराची धार. मावे धो धो खाली पडले. सकाळीच धुतलं की सुया दिवसभरात वाळतात. चार-पाच दिवसांनी पुन्हा धुवायचं ठरलं. खोडाभोवती कापड गुंडाळून त्यावर चिकट पट्टा लावला, म्हणजे मुंगळे वर जाऊन मित्रकीटकांना हुसकावणार नाहीत. भिंतीला टेकलेली एक फांदी कापली, नाहीतर मुंगळ्यांना तो पूलच होता. अंगणात निळा स्प्रूसही होता, काकांना त्यावर खबरदारी म्हणून बागायती तेल फवारायचं होतं. त्याला मी ठाम नकार दिला. तेलानं सुयांवरचा मेणाचा थर जातो आणि झाडाचा निळा रंगही.

निघताना कुंपणाचा सायप्रस मात्र फांदी न फांदी तपासला. सायप्रसवरचा सिनारा हलक्यात घेण्यासारखा नाही. 1986 मध्ये तो मलावीत आढळला, मग आफ्रिकेतल्या कितीतरी देशांत पसरला आणि सायप्रसची लागवड वाळवत गेला. शेवटी त्याच्यावर जगणारी पॉएसिया ज्युनिपेरोरम ही चिमुकली गांधीलमाशी युरोपातून आणून सोडावी लागली. काकांचा सायप्रस स्वच्छ होता.

तीन आठवड्यांनी गेले तेव्हा फांद्यांवर जिवंत मावा शोधावा लागत होता. सालीवर भोकं पडलेली कोरडी कवचं मात्र जागोजागी. बाक धुऊन पुन्हा झाडाखाली आला होता. नातीनं माझ्या हातातलं भिंग घेतलं आणि एका लेडीबर्डचे पाय मोजायला बसली.