स्टेशनमास्तरच्या मुलाचा षड्ज

बुडापेस्टमध्ये 1896 साली सुरू झालेली छोटी पिवळी मेट्रो मला रोज कामावर नेते, आणि वाटेत कोदाय यांच्या नावाचे स्थानक लागते. पहिली दोन वर्षे हे कोणी सेनापती असावेत अशीच माझी समजूत होती. माझी मुलगी इथल्या शाळेत दुसरीत गेली आणि एका रविवारी व्हिडिओ कॉलवर तिने पूर्णेच्या आजीला शाळेतले गाणे हातांच्या खुणांनी म्हणून दाखवले, तेव्हा हा गैरसमज दूर झाला: कोदाय हे हंगेरीचे संगीतकार होते. मूठ म्हणजे ‘दो’, आडवा पालथा तळवा म्हणजे ‘मी’, अंगठा वर ठेवून स्वतःकडे वळवलेला पंजा म्हणजे ‘सो’. भजनी मंडळात उभा जन्म घालवलेली माझी आई म्हणाली, “अगं, हे तर आपलं सारेगमच की! पण सा कुठला धरलास?” मुलगी म्हणाली, “कुठलाही धरता येतो, आजी.”

पाश्चात्त्य संगीतात स्वरांच्या जागा पक्क्या असतात असे आपण ऐकलेले असते. इथल्या शाळेत मात्र ‘दो’ आपल्या षड्जासारखा हलता असतो. गाणाऱ्याच्या गळ्याला झेपेल तिथे तो धरायचा आणि बाकीचे स्वर त्याच्या नात्याने ओळखायचे. पेटीवाल्याने काळी चार धरली काय किंवा पांढरी एक धरली काय, भजन बदलत नाही, तसेच हे आहे. या खुणा मुळात इंग्लंडच्या जॉन कर्वेन यांच्या. त्या हंगेरीच्या शाळाशाळांत रुजल्या त्या झोल्तान कोदाय आणि त्यांच्या सहकाऱ्यांमुळे.

कोदाय यांचा जन्म 16 डिसेंबर 1882 रोजी केच्केमेत गावी झाला. वडील रेल्वेत, पुढे स्टेशनमास्तर. बदल्यांमागून कुटुंब गालान्ता या आज स्लोव्हाकियात असलेल्या गावी आले आणि कोदाय यांचे बालपणीचे सात वर्षांचे दिवस तिथे गेले. माझे वडील पूर्णा जंक्शनवर पॉइंट्समन होते, त्यामुळे स्टेशनमास्तरांचा मुलगा म्हणजे आमच्या हिशेबाने साहेबाचाच मुलगा. तरीही गाड्यांच्या वेळापत्रकावर झोपणारे आणि उठणारे घर मला ओळखीचे वाटते. त्यांचे वडील व्हायोलिन वाजवत, आई गात असे. गालान्त्यातल्या जिप्सी वादकांची आठवण त्यांनी 1933 मध्ये ‘गालान्त्याची नृत्ये’ या वाद्यवृंदरचनेत उतरवली.

बुडापेस्टच्या संगीत अकादमीत ते रचना शिकले आणि त्याच काळात विद्यापीठात हंगेरियन व जर्मन भाषांचा अभ्यास केला. 1905 मध्ये ते खेडोपाडी लोकगीते गोळा करायला निघाले आणि 1906 मध्ये हंगेरियन लोकगीतांच्या कडव्यांच्या बांधणीवर प्रबंध लिहून डॉक्टरेट मिळवली. त्याच वर्षी बेला बार्तोक या हंगेरियन संगीतकारासोबत वीस लोकगीतांचे पुस्तक काढले. एडिसनचा फोनोग्राफ घेऊन ही दोघे शिकलेली तरुण माणसे शेतकऱ्यांच्या दारात उभी राहत. मेणाच्या एका नळकांड्यावर मोजकी मिनिटेच मावत असल्याने गाणाऱ्याला नेमके कुठे थांबवायचे हेही ठरवावे लागे.

1907 पासून कोदाय अकादमीत शिकवू लागले. मधे 1919 च्या राजकीय उलथापालथीनंतर त्यांच्यावर चौकशी बसली आणि काही काळ त्यांना शिकवण्यापासून दूर राहावे लागले. 1923 मध्ये, बुडा, पेस्ट व ओबुडा ही तीन गावे एक होऊन बुडापेस्ट झाल्याच्या पन्नासाव्या वर्षी, त्यांनी ‘प्साल्मुस हुंगारिकुस’ ही मोठी समूहरचना केली आणि त्यांचे नाव देशाबाहेर पोहोचले. 1926 च्या ‘हारी यानोश’ या थापाड्या सैनिकावरच्या संगीतनाटकाची सुरुवात तर सगळ्या वाद्यवृंदाच्या शिंकेने होते, कारण गोष्ट ऐकताना कोणी शिंकले तर ती खरी, असे इथले लोक मानतात. बोलता बोलता शिंक आली की माझी आजीही “सत्य आहे” म्हणायची, म्हणून हे ऐकून मी रेल्वेच्या डब्यात हसावे तसा मोठ्याने हसलो.

इतके नाव झाल्यावर माणूस लहान मुलांकडे कशाला वळेल? कोदाय 1925 च्या सुमारास वळले, आणि मला त्यांच्या कारकिर्दीतला हाच भाग सर्वांत मोठा वाटतो. अंताल दोराती, मात्याश शायबर यांसारख्या पुढे नामांकित झालेल्या विद्यार्थ्यांना रचना शिकवत असतानाच ते शाळकरी मुलांच्या समूहगानासाठी लिहीत राहिले. राजधानीतल्या ऑपेराचा संचालक कोण आहे यापेक्षा लहानशा गावात गाण्याचा मास्तर कोण आहे हे जास्त महत्त्वाचे, असे त्यांचे मत होते. वाईट संचालक नापास होऊन जातो, वाईट मास्तर मात्र तीस वर्षे मुलांच्या मनातली गाण्याची ओढ मारत बसतो. मुलांना आधी मातीतली गाणी द्यावीत, स्वरलिपी नंतर द्यावी, हा त्यांचा क्रम होता. 1950 मध्ये रोज गाण्याचा तास असलेली प्राथमिक शाळा केच्केमेतला सुरू झाली. त्यांचे निधन 6 मार्च 1967 रोजी झाले. त्या मेट्रो स्थानकाजवळचे त्यांचे घर आता संग्रहालय आहे.

गेल्या दिवाळीत पूर्णेला गेलो तेव्हा फोन हातात घेऊन मी आईला ओव्या म्हणायला सांगितल्या. ती दोन ओळी म्हणाली आणि अडली. “दळण नसलं की पुढची ओवी येत नाही रे,” ती म्हणाली. परसातले जाते आम्ही ओढून आणले, धुऊन पुसले, पण त्याचा खुंटा कधीचाच गेला होता. मुलीने खुरपे शोधून आणले. त्याची मूठ भोकात ठोकून बसवली, ओंजळभर ज्वारीचे दाणे घातले, आणि पाय पसरून बसलेल्या आईने पहिला फेरा ओढताच तिसरी ओळ आली. मुलीने हळूच मूठ धरून “दो” दाखवला.